विल्यमचे सिंह आणि जगदीश पेंटर

मिरजेत चाळीस वर्षं दुकानांच्या पाट्या रंगवलेल्या जगदीश पेंटरांना परदेशात, पोरिरुआ नावाच्या गावात लेकाकडे राहायला आल्यापासून एकाच गोष्टीचा वीट आला होता, तो म्हणजे कौतुकाचा. कोथिंबीर उगवली, वेल डन! कचऱ्याचा डबा बाहेर ठेवला, स्वीट ॲज, म्हणजे झकास! अरे, मी काय बालवाडीत आहे का? बरं, चिडावं तर समोरचा हसतोय. आपल्याला आता कुणी कारागीर समजत नाही, याचं त्यांना फार वाईट वाटायचं.

मग नितीशच्या, म्हणजे लेकाच्या, ओळखीतून एक काम आलं. ग्रॅहम नावाच्या गृहस्थांचा एक क्लब होता. चिलखतं घालून जुन्या लढाया खेळायच्या, हा त्यांचा छंद. हजारेक वर्षांपूर्वी नॉर्मंडीहून येऊन इंग्लंड जिंकणाऱ्या विल्यम राजाची ढाल त्यांना शनिवारच्या जत्रेसाठी हवी होती. लाल पार्श्वभूमीवर चालणारे दोन सोनेरी सिंह. जमली तर आणखी अकरा ढाली.

पेंटर चार दिवस गराजमध्येच होते. नितीशने ऑफिसला पळता पळता ऑर्डरचा कागद वाचला होता, "सिंहांची तोंडं उजवीकडे, बाबा." उजवीकडे तर उजवीकडे. आयाळीचा एकेक केस मोजून घ्यावा असा उतरला.

गुरुवारी सून इशिता हॉस्पिटलमधून आली. ती एक्स-रे काढते. तिने ढाल बघितली, कागद शेवटपर्यंत वाचला आणि म्हणाली, "बाबा, उलटं झालंय."

"आता तू मला शिकवणार?"

"खाली लिहिलंय बघा. उजवं म्हणजे ढाल धरणाऱ्याचं उजवं, आपलं नाही. एक्स-रेत पेशंटचा उजवा हात आपल्या डावीकडे दिसतो ना, तसंच. ढाल डाव्या हातावर असते; असे तर राजाचे सिंह शत्रूला पाठ दाखवून पळतायत."

पेंटरांचा पारा चढला, पण कागद खोटं बोलत नव्हता. "बोलाव त्यांना," ते म्हणाले.

ग्रॅहम आले, बघून हसले. म्हणाले, "ब्यूटिफुल! राहू दे. खरं सांगू? विल्यमकडे अशी ढाल नव्हतीच. हे चिन्हांचं प्रस्थ त्याच्यामागून आलं. सिंह त्याच्या नावावर नंतरच्यांनी चढवले. कोण तक्रार करणार?"

इशिताने मराठीत सांगितलं. पेंटर म्हणाले, "त्यांना विचार, एखाद्या तरण्या पेंटरने असं केलं असतं तर राहू दिलं असतं का?"

ग्रॅहमनी ढाल पुन्हा एकदा निरखली. मग म्हणाले, "नाही. परत करायला लावलं असतं."

"मग मलाही लावा म्हणावं."

"शनिवारपर्यंत वाळणार नाही. जत्रेत छापील लावावी लागेल. आणि बाकीच्या अकरांचं आत्ता काही सांगत नाही."

"चालेल."

ग्रॅहमनी त्यांच्याकडे नीट बघितलं. हसू पार गेलं होतं. "सोमवारी येतो. आणि या वेळी कागद पूर्ण वाचा. असली चूक मला दुसऱ्यांदा चालणार नाही."

इशिता ओशाळली. "बाबा, तसं म्हणायचं नव्हतं त्यांना..."

"गप गं! म्हणू दे की," पेंटर म्हणाले. दोन वर्षांत या देशात त्यांना पहिल्यांदाच कुणीतरी दटावलं होतं. डोळे पुसून ते ढालीवरचा रंग घासायला पॉलिशपेपर शोधायला लागले.