गुलालातली बोटं

जोतिबाच्या डोंगरावर कुणाच्या अंगात येणं नवं नाही. त्यामुळं धैर्यशील सकाळी घरच्या नारळ-गुलालाच्या दुकानासमोर डोळे ताणून घुमायला लागला, तेव्हा त्याच्या आईनं, तानाबाईनं, गिऱ्हाईक सोडून मूठभर गुलाल पोराच्या डोक्यावर उधळला.

"आला गं माझा देव! चांगभलं!"

देव कसला डोंबलाचा! त्याच्या धाकट्या बहिणीला, पूर्णिमाला, माहीत होतं. गोव्यातनं आणलेला नशेचा नखाएवढा कागद त्यानं तिच्यासमोरच जिभेवर ठेवला होता. "लई भारी रंग दिसत्यात," म्हणाला होता.

"आई, नशा केलीया त्यानं! कोयता काढून घे आधी!"

"तोंड आवर. देवाला हात लावाय सांगतीस व्हय?"

नारळाच्या शेंड्या छाटायचा कोयता त्याच्या मुठीत तसाच होता. बाया पाया पडायला पुढं सरकल्या. तो भ्याला होता, ते एकीलाही दिसेना. तो आईच्या अंबाड्याकडं बघत होता.

"साप! आये, डोक्यावर साप हाय तुझ्या!"

तानाबाई त्याच्या पायावर वाकली. कोयता मानेवर येणार, तेवढ्यात पूर्णिमानं त्याला धडक दिली. घाव आईच्या हातावर बसला. दोन बोटं फरशीवर पडली, आणि सांडलेल्या गुलालात रक्त आधी कुणाला कळलंच नाही. कोयता पुन्हा उठला, तशी पूर्णिमानं नारळ सोलायची पहार उचलून भावाच्या मनगटावर घातली. हाड मोडलेलं सगळ्यांनी ऐकलं.

"देवाला मारलं हिनं!" म्हणत कुणीतरी तिला केसाला धरून पायरीवर आपटलं. ओठ फुटला, दात हलला. पण पडलेला कोयता तिनं पोटाखाली दाबून धरला, सोडला नाही.

संध्याकाळी दवाखान्यात धैर्यशीलची नशा उतरली. डॉक्टरांनी पूर्णिमाला बाजूला घेतलं. "या कागदानं मेंदूचा ताबा सुटतो. मनातली भीती डोळ्यांपुढं खरी होऊन उभी राहते. तुमच्या चुलत्यांना वेडाचा झटका यायचा म्हणालात ना? मग यानं पुन्हा कागद घेतला, तर कदाचित कायमचाच वेडा होईल."

आत धैर्यशील आईच्या पट्टीकडं बघत होता. "आये, हाताला काय झालं?"

"देवानं घेतली बोटं. तू न्हवतास त्यो, लेकरा."

त्याला हायसं वाटलेलं पूर्णिमाला दिसलं, आणि तिचं डोकंच फिरलं.

"देव न्हवता, दादा. तूच हुतास. कोयता तुझ्याच हातात हुता."

धैर्यशील ढसाढसा रडला. मोडका हात सावरत खाटेवरनं खाली उतरला आणि आईचे पाय धरायला वाकला.

तानाबाईनं दचकून पाय मागं घेतले.