बबनचे कांदेपोहे

'थाप्यांचं घर' ही कार्टून मालिका बघून मी हसून लोळायचो. त्यातला बबन लग्नाळू. मुलगी बघायला गेला की थापा मारणार आणि हात हलवत परत येणार. त्याच्यावर मी हौसेने एक विडंबन-गेम बनवला, 'बबनचे कांदेपोहे'. होणारे सासरे प्रश्न विचारतात, टाइम संपायच्या आत उत्तर निवडायचं. थाप जेवढी मोठी, तेवढा बबन खिडकीतून लांब उडतो. जिंकायचं उत्तर मी ठेवलंच नव्हतं, कारण मलाच कधी सुचलं नव्हतं. मला आलेल्या नकारांचा एवढाच उपयोग, संवाद आयते मिळाले.

यंदाचं स्थळ सानपाड्याचं होतं. ऋताचा फोटो पाहिल्यापासून हे जमावंच असं फार वाटत होतं, म्हणून थापाही जोरदार तयार केल्या होत्या. रबाळ्याच्या कंपनीत मी लोकांच्या सॉफ्टवेअरमधल्या चुका, म्हणजे बग, शोधतो. त्याचं 'टीम लीड' करायचं ठरवलं.

पोहे झाल्यावर तिच्या आईने आम्हाला रीतसर बाल्कनीत धाडलं.

"तो बबनचा गेम तुमचाच ना?" ऋता म्हणाली. "शेवटी नाव येतं तुमचं."

मी सारवासारव केली. "टाइमपास आहे हो."

"मी जिंकलेय त्यात."

"जिंकता येतच नाही!"

"येतं. काहीच दाबायचं नाही. टाइम संपला की सासरे म्हणतात, मुलगा पसंत. बग आहे तुमचा."

दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

आत तिचे वडील, दिनानाथकाका, वाटच बघत होते. "कंपनीत पोझिशन काय तुमची?"

'टीम लीड' जिभेवर आलं. ऋताने भुवया उंचावल्या. मी तोंड मिटून घामाघूम बसून राहिलो.

"चला," काका शेवटी खूश होऊन म्हणाले, "एक तरी मुलगा फेकाफेकी न करणारा भेटला. घर स्वतःचं?"

आनंदाने माझं भानच गेलं. "खारघरला थ्री बीएचके फायनल होतोय!"

काकांच्या कपाळाला आठ्या पडल्या. मला रडू यायचं बाकी होतं.

ऋता उठली आणि तिने माझ्यामागची खिडकी लावून घेतली.

"बायोडेटात भाड्याचं लिहिलंय, बाबा," ती म्हणाली. "मला चालेल."