एक पाऊल सोडून

वहीतला साठचा आकडा रचनाने तिसऱ्यांदा खोडला, तसा कागद फाटला.

"बारा गुणिले आठ किती?"

"शहाण्णव," मीरा लगेच म्हणाली.

"मग साठ कुठून आणलेस?"

मीराने पेन्सिलचं टोक चावलं. गणित सरळ होतं. एका आयताकृती बागेची लांबी बारा मीटर, रुंदी आठ मीटर, तर क्षेत्रफळ किती? मागच्या चाचणीत फळ्याचं, फरशीचं, टेबलाचं गणित तिचं बरोबर आलं होतं. बाग, शेत, अंगण आलं की चूक. बाईंनी वहीत लिहून पाठवलं होतं, 'घरी लक्ष द्यावे.' उद्या सोमवारी पुन्हा चाचणी होती.

"दहा सक साठ," मीरा हळूच म्हणाली. "बारातून दोन गेले. आठातून दोन गेले."

"का गेले?"

"बांधाचे. प्रत्येक बाजूनं एक पाऊल सोडायचं ना, मग आत मोजायचं. आजोबांनी दाखवलंय. गच्चीवर चालून."

रचनाने हॉलच्या कोपऱ्यातल्या खाटेकडे पाहिलं. सासरे, श्रीपत, पाठ करून आडवे झाले होते. उमेळ्याच्या ज्या वाडीत त्यांची केळी होती, तिथे आता ही सात मजली इमारत होती आणि तिच्यातच त्यांना मिळालेला हा फ्लॅट. खाट मात्र त्यांनी पहिल्या दिवसापासून भिंतीला लावू दिली नव्हती. मधे पाऊलभर जागा. तुळिंजला एका खोलीत पाच जणांत वाढलेल्या रचनाला ती रिकामी पट्टी डोळ्यांत खुपायची. खाट सरकली असती, तर अलीकडे मीराचं टेबल बसलं असतं. ती कितीदा म्हणाली. ते "हां हां" म्हणायचे, आणि सकाळी खाट तिथेच.

तिने आवाज उतरवला. "हे बघ, आजपासून आजोबांना गणित विचारायचं नाही. मी शिकवीन."

"पण ते दुपारी वाट बघतात माझी. दप्तरसुद्धा तेच उघडतात."

खाट करकरली.

"तुजी आय बरोबर सांगते, बाय." श्रीपत उठून बसले होते.

"बाबा, मी तसं नाही..."

"तसंच हाय. आमी मोजायचो ते लावायसाठी. केळ पार बांधाला टेकवली, तर शेजारचा मानूस जाईल कुठून? पानी जाईल कुठून? म्हनून चहूकडनं एक पाऊल सोडायचं. आपलं असून आपलं नाय म्हनायचं." ते स्वतःशीच हसले. "कागदावर बांध नसतो. वाडी देताना सही केली ना, तवाच कळलं मला. लिव, शहान्नव लिव."

मीराने आईकडे पाहिलं. मग शहाण्णव लिहिलं, पुढे चौरस मीटर लिहिलं.

"आता आयलाच विचारत जा," म्हणत त्यांनी चष्मा खिशात घातला आणि चपला पायात सरकवून ते खाली बाकावर जाऊन बसले.

रचनाने उरलेली चार गणितं करून घेतली. चारही बरोबर आली. तिने शाबास म्हटलं, पण मीरा हसली नाही. मग दोघी वाण्याकडे जाऊन आल्या.

दिवेलागणीला केर काढायला रचना हॉलमध्ये आली आणि थांबली. खाट भिंतीला चिकटली होती. दोघी वाण्याकडे असताना सासरे वर येऊन गेले असणार. आधी जिथे पाय होते, तिथे फरशीवर चार गोल डाग उरले होते. अलीकडची जागा मोकळी, टेबलाच्या मापाची.

"आई! बसेल आता टेबल!"

"बसेल," रचना म्हणाली. केरसुणी हातात धरून ती बराच वेळ त्या चार डागांकडे बघत राहिली. गच्चीवर पावलं मोजत चालणारे ते दोघं तिला दिसले. पुढचं माणूस हळू, मागचं उड्या मारत.

तिने केरसुणी ठेवली.

"तिकडून धर जरा."

"कुठे ठेवायची?"

"होती तिथे."

खाट जड होती. एकेक पाय आपापल्या डागावर आला. मीराने वाकून चारही तपासले.

"आणि टेबल?"

रचनाने पदराने हात पुसले.

"खाली जा आणि आजोबांना बोलावून आण. म्हणावं, आईला एक गणित अडलंय."