मोकळ्या दिवशीचा नकार

त्या गावावर तीन चंद्र होते, आणि तिघांचं आपसात कधी पटलं नाही. थोरला जाडजूड, आळशी. एकदा उगवला की मुक्कामी पाहुण्यासारखा हलायचं नाव घेत नसे. मधली वक्तशीर. धाकटा मात्र निव्वळ उनाड. कधी ढगाआड शिरे, कधी लवकर सटके. त्याच्याकडे मान वर करून बघणं लोकांनी केव्हाच सोडलं होतं. ते बघायचे चकतीवाल्याच्या दिनदर्शिकेकडे. पितळेच्या तीन दातेरी चकत्या एकावर एक, मधोमध रिव्हेट. सकाळी चूळ भरायची, प्रत्येक चकती एकेक दात फिरवायची, की तिघांच्या तीन तारखा हजर.

वर्षातून एकच दिवस असा येई की तिघंही एकदम गायब. तो मोकळा दिवस. कुठल्याच चंद्राचा नाही, म्हणून कुठल्याच महिन्यातला नाही, म्हणून त्या दिवशी बोललेलं काहीच धरायचं नाही, असा तिथला कायदा. नोकर मालकाला सुनवून घ्यायचा, जावई सासऱ्याला. दुसऱ्या दिवशी पुन्हा सगळी गोडीगुलाबी.

चकतीवाला मात्र त्या दिवशी गल्ली ओलांडून समोर जायचा. समोर काजवाली राहायची. गावातल्या सगळ्या शिंप्यांची काजं तिच्याच हातची. हा उंबऱ्याबाहेर उभा राहून विचारायचा, "काय, करतेस का लग्न माझ्याशी?"

ती सुई न थांबवता म्हणायची, "करते की."

दोघं हसायची. ती दारातच चहाचा कप पुढे करायची. मग हा गृहस्थ त्या एका 'करते की'वर पुढचं वर्ष काढायचा.

यंदा ती म्हणाली, "नाही."

"नाही?"

"नाही. चहा घेतोस ना?"

त्याने घेतला आणि तोंड भाजून घेतलं.

घरी थोरली बहीण होती. तिला सगळं गाव आक्का म्हणे आणि वचकून असे. ती म्हणाली, "मोकळ्या दिवसाचं काय धरून बसलास?"

"धरलंय कुठे."

"मग घास का चिवडतोयस?"

दुसऱ्या दिवशी त्याला घरात करमेना. कामाला बसला तर कानस बोटावरून गेली. खिडकी उघडली, लावली, पुन्हा उघडली. आक्काकडे पाणी मागितलं आणि ते तसंच ठेवून गल्लीत दोन चकरा मारून आला. संध्याकाळी गच्चीवर चढला. कितीतरी दिवसांनी ढग पांगून आभाळ लख्ख झालं होतं. चकतीप्रमाणे आज सूर्य बुडताच समोरच्या धुराड्यावर धाकट्याची पहिली कोर दिसायला हवी होती. सूर्य बुडाला. कोर नाही. धुराडं आड येत असेल म्हणून तो या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात गेला, टाचा उंचावल्या, पाण्याच्या टाकीवर चढला.

"उतरतोस, का तिथेच अंथरूण देऊ?" खालून आक्का.

तो उतरला तो थेट कामाच्या खोलीत. यंदाची दिनदर्शिका उजेडात धरली आणि दात मोजले. नव्या वर्षाची जोडणी करताना धाकट्याची चकती एक दात मागे घ्यावी लागते, नाहीतर तो एक दिवस पुढे पळतो. यंदा जोडणीच्या दिवशी समोर काजवाली स्टुलावर चढून पडदा लावत होती. याचं लक्ष पडद्यावर होतं असं आपण म्हणू. दात मागे घ्यायचा राहिला तो राहिलाच.

थोरला आणि मधली कालही नव्हते, आजही नाहीत; धाकटा मात्र आजच गायब. म्हणजे मोकळा दिवस आज. काल साधा दिवस, मोजणीतला. तिचं 'नाही' धरलं गेलं.

आक्काने ऐकलं आणि तिचा चेहरा उतरला. "अवाक्षर काढू नकोस कुठे. काल मी बेकरीवाल्याला काय सुनावलंय ठाऊक आहे? म्हटलं, तुझे पाव दार अडवायला बरे."

गप्प बसलं तर 'नाही' हवेत विरलं असतं, हे त्यालाही दिसत होतं. पण पाय ऐकेनात. तो गल्ली ओलांडून गेला.

"काल मोकळा दिवस नव्हता," तो म्हणाला. "चूक माझी."

काजवालीची सुई पहिल्यांदाच थांबली. "म्हणजे इतक्या वर्षांत तू मला साध्या दिवशी विचारलंस. तेही चुकून."

"आणि तू नाही म्हणालीस."

"दरवर्षी फुकटचं विचारतोस. म्हटलं, एकदा फुकटचं नाही म्हणून बघावं, काही फरक पडतो का."

"पडला."

"दिसतंय. चपला उलटसुलट घातल्यायस."

"मग आता?"

"आता आज मी काही बोलले तर तू पुन्हा त्याच्यावर वर्ष काढशील. आधी गावाला सांग. नाहीतर तुझा कुठला दिवस खरा, हे मी कशावरून ओळखायचं?"

"लोक मला सोलतील."

"सोलू देत."

बेकरीसमोर संध्याकाळची गर्दी होती. त्याने एका दमात सांगून टाकलं. बेकरीवाल्याने पीठ लागलेले हात झटकले. "थांब. तू खरं बोलत असशील तर आज मोकळा दिवस, म्हणजे तुझं बोलणं धरायचं नाही. खोटं बोलत असशील तर तसंही धरायचं नाही."

लोकांना हे एकदम पटलं. चकतीवाल्याने नुसतं वर बोट दाखवलं. कितीतरी वर्षांनी अख्ख्या गावाने एकदम मान वर केली, आणि काहींच्या मानेतून कटकन आवाज आला. वर थोरला नाही, मधली नाही, धाकटाही नाही.

मग एकेकाला काल आठवू लागला. एक जावई बेकरीच्या पायरीवर बसला तो उठेचना. शिंप्याचा कारागीर, ज्याने काल मालकाच्या तोंडावर राजीनामा फेकला होता, तो मालकाकडे धावला आणि अर्ध्या वाटेतून परतला. आज मागितलेली माफी कोण धरणार? सगळ्यांनाच उद्यापर्यंत थांबणं आलं. घराघरांत लोक येरझारा घालत राहिले, आणि चकतीवाल्याला शिव्या द्यायच्या तर त्याही उद्याच.

उजाडल्याबरोबर दारं उघडली. बेकरीवाला आक्काच्या दारात पाव घेऊन उभा होता. "हा घ्या," तो म्हणाला, "दार अडवून बघा. नाही अडलं तर माफी मागा." आक्काने पाव घेतला आणि गावादेखत त्याचा लचका तोडला.

चकतीवाल्याचं तिकडे लक्ष नव्हतं. तो गल्ली ओलांडून नेहमीच्या जागी, उंबऱ्याबाहेर उभा राहिला. दरवर्षीचा थट्टेचा सूर शोधला, तो काही सापडला नाही. त्याने कसंबसं विचारलं.

काजवालीने दाताने दोरा तोडला. "आजचं धरलं जाईल. माहीत आहे ना?"

"माहीत आहे."

"मग आत ये," ती बाजूला सरकत म्हणाली. "ही काय दारात उभं राहून विचारायची गोष्ट आहे?"