बसलेल्या बायांची फाइल

माणूस उभाच असतो, असं या कॅमेरावाल्यांच्या डोक्यात कोणी भरवलं कोण जाणे. हालचाल टिपणाऱ्या कॅमेऱ्याबरोबर तयार फायली मिळतात, त्यांना आम्ही लायब्ररी म्हणतो. त्या फायली माणसाच्या अंगावर ठिपके टाकतात, ठिपके जोडतात, आणि पडद्यावर काड्यांचा माणूस हलायला लागतो. पण तो व्हिडिओ गेमसाठी टीव्हीपुढे नाचणारा माणूस. आमच्या अड्याळच्या मिरचीच्या सातऱ्यावर कॅमेरा नेला, तर एक गुडघा उभा आणि एक पाय मुडपलेला अशी बसलेली बाई त्याला कळेचना. गुडघ्यालाच डोकं समजायचा, शहाणा!

सातऱ्यावर वाळक्या मिरचीचे देठ खुडतात. माझी आई, मालनबाई, तिथं बावीस वर्षं बसते आहे. संध्याकाळी उठताना तिची कंबर धरते, मान आखडते. म्हणून मी आणि निकेशनं भंडाऱ्याला खोली भाड्यानं घेऊन बसलेल्या बायांसाठी आमची स्वतःची लायब्ररी लिहायला घेतली. बाई चुकीची वाकली की सांगणारी. एका फिजिओथेरपीच्या दवाखान्याला ती हवी होती. निकेश माझा पॉलिटेक्निकपासूनचा मित्र. दोन वर्षं आईच्या हातची भाजी माझ्या डब्यातून त्यानं निम्मी खाल्ली.

बायांनी कॅमेरा लावू दिला, तो मी मालनबाईची पोरगी म्हणून. पदरानं नाक बांधून सगळ्या खुडत राहिल्या. मी खोलीत बसून एकेक हालचाल निवडायची आणि तिला नाव द्यायची: वाकणं, वळणं, खुडणं, घाम पुसणं.

आणि तिथंच मला ते दिसलं.

मिरचीनं डोळे झोंबले की आई दोन्ही डोळे मिटून बाहीनं पुसायची. तेवढ्यात शेजारच्या खुशबूचा हात आपल्या टोपलीतून आईच्या टोपलीकडे जायचा. पलीकडून पार्वताबाईचा. आई पाणी प्यायला उठली की चार-पाच हात. नुसत्या काड्यांचे हात, पण कोणाचे ते मला बसायच्या जागेवरून कळत होतं. दुपारपर्यंत ठरलेल्या टोपल्या भरल्या नाहीत, तर मालक वासुदेवराव त्या बाईला दुसऱ्या दिवशी बोलवत नाहीत. आईची बोटं संधिवातानं वाकडी झाली आहेत. तिच्या टोपल्या या बाया भरत होत्या, आणि तिला ते ठाऊक नव्हतं.

घरी ती मला ऐटीत सांगायची, "अवं, पोरी तरण्या आहेत, पन मी त्यायच्या बरोबरीनं टोपली उचलतो." साठीच्या बाईची तेवढी एकच ऐट होती. ती मोडायची नव्हती. मीही बोलले नाही.

पण निकेशला दाखवलं. कौतुकानं दाखवलं, मूर्खासारखं! त्या हालचालीला मी 'मदत' असं नावसुद्धा दिलं होतं. तो म्हणाला, "काय भारी पकडलं आपल्या लायब्ररीनं!" मी बजावलं, "हे कोनाले द्याचं नाही. आईले कळलं तं ती मरून जाईन. काढून टाक." दुसऱ्या दिवशी त्यानं सांगितलं, "काढलं."

फेब्रुवारीत एका दुपारी खुशबूचा फोन आला. रडत होती.

"प्रतिक्षा, तुह्या मायले मालकानं सगळ्यायपुढं टीव्हीवर दाखवलं. आमचे हात लाल करून दाखवले. म्हने, ही बाई काम नाही करत, हे पाहा. मालनबाई टोपली तशीच ठेवून उठली अन् गेली."

मी फोन ठेवला आणि निकेशचा लॅपटॉप उघडला. वासुदेवरावांच्या नावाचा एक फोल्डर होता. आत आमचीच लायब्ररी. हालचालींच्या यादीत मी निवडलेली एकूणएक चित्रफीत जागच्या जागी होती. फक्त 'मदत' खोडून तिथं 'फेरफार' लिहिलं होतं.

निकेश चहा घेऊन आला. पडदा पाहून थांबला.

"दवाखानेवाले सहा महिने नुसतं फिरवून राहिले होते," तो म्हणाला. "मालकाले आजच पाहिजे होतं."

"माही आई आहे ते."

"काड्या आहेत त्या, प्रतिक्षा. त्यात चेहरा कुठं आहे?"

"तुले माहीत होतं त्या काड्या कोनाच्या आहेत."

तो कपाकडे बघत म्हणाला, "पकडलं तं तूच होतं. मी फक्त नाव बदलवलं."

त्याला मारावंसं वाटलं. त्याहून जास्त लाज वाटली, कारण तो खोटं बोलत नव्हता. इतक्या वर्षांत बायांनी एकमेकींनाही मोठ्यानं सांगितलं नव्हतं, मालकाच्या बापालाही दिसलं नव्हतं, ते बघायला मशीनला मी शिकवलं होतं.

एसटीनं अड्याळला पोचेपर्यंत दिवेलागण झाली. आई चुलीपाशी बसली होती. बोटं मांडीवर पालथी ठेवलेली. मी जवळ बसले, तर तिनं वर पाहिलं नाही.

"तिथं आता मालकाचा कॅमेरा आहे तं पोरी आपापले हात आवरून बसतीन," ती म्हणाली. "तुले कधीपासून माहीत होतं?"

"दिवाळीपासून."

"अन् मी रोज सांगत होतो तुले, टोपली भरली म्हनून. तू आयकत होती."

मला रडू फुटलं. काही तरी करायचं म्हणून मी ताट घेतलं, भात वाढला, वरणाची वाटी भरली आणि तिच्यापुढे सरकवली. तिनं भात परत गंजात टाकला. मग वाकड्या बोटांनी पळी उचलली. ती दोनदा निसटली. मी हात पुढे केला.

"राहू दे," आई म्हणाली. "माहं मी वाढून घेतो."