कापलेली अकरा मिनिटं

सकाळपासून माझा पाय एका जागी ठरत नव्हता. तीनदा कॉफी केली, तीनदा मोरीत ओतली. रोममधल्या त्या स्टुडिओत पोचले तरी तेच. खुर्ची टोचत होती.

पंचेचाळीस वर्षांपूर्वीचा आमचा रहस्यपट आता डिस्कवर येणार होता, घरी बघणाऱ्यांसाठी, वाढवून. थिएटरसाठी कापलेली अकरा मिनिटं कुठल्याशा तळघरात सापडली होती. चित्र होतं, आवाज नव्हता. असणार कुठून? तेव्हा आमच्याकडे शूटिंगला आवाज घेतच नसत. नट नुसते ओठ हलवायचे, संवाद विसरले तर आकडे मोजायचे. मग आम्ही अंधाऱ्या खोलीत त्यांच्या तोंडी शब्द घालायचो. नायिका लोरेदानाचा प्रत्येक सिनेमातला आवाज म्हणजे मी, नीवेस.

आणि या रहस्यपटाचं शूटिंग सुरू व्हायच्या आधीच ही भवानी एका मुलाखतीत सांगून मोकळी, "पडद्यावरचा आवाज माझाच!" त्या दिवसापासून मी तिच्याशी बोलले नाही. तिचा फोन आला की ठेवून द्यायचे. पुढे फोनही थांबले. ती जाऊन नऊ वर्षं झाली, पण माझा राग काही गेला नाही.

"नीवेसबाई, बसा ना जरा," ध्वनिमुद्रण करणारी फियोरेन्झा म्हणाली.

"बसून आवाज तरुण होणारे का? लाव तू."

पडद्यावर लोरेदाना जिन्यात उभी होती, चेहरा थेट कॅमेऱ्याकडे. कागदावर वाक्य होतं, 'खुनी याच घरात आहे.' मी तोंड उघडलं आणि मिटलं.

"काय झालं?"

"ओठ जुळत नाहीयेत."

"आकडे मोजत असतील."

"आकडे मला झोपेतसुद्धा कळतात. मागे घे."

चार वेळा मागे घेतलं. 'व' म्हणताना वरचे दात खालच्या ओठावर टेकतात. ते दिसले. ती माझं नाव घेत होती.

फोनवर मी ऐकत नव्हते, म्हणून तिनं निरोप इथे ठेवला होता. तिचे ओठ वाचायला शेवटी मलाच बसवणार, हे तिला पक्कं ठाऊक. आणि नेमका हाच प्रसंग माझ्यापर्यंत यायच्या आत कात्रीत गेला. तिला काय वाटलं असेल? वाचूनही ही आली नाही, असंच ना!

मग माइकशी गेले आणि तिचे ओठ म्हणत होते तेच बोलले. "नीवेस, खोटं बोलले गं मी. आवाज तुझाच आहे. रविवारी जेवायला ये, आर्टिचोक करते. वाट बघते."

फियोरेन्झानं कपाळाला हात लावला. "अहो, सिनेमात नीवेस नावाचं कुणी नाहीच! बघणारे तुम्हालाच खुनी ठरवतील."

"ठरवू देत," मी म्हटलं. डोळे पुसले. "पुन्हा लाव. 'वाट बघते' नीट नाही आलं."