पाय, खूर आणि चाक

त्या काळी रस्ता ही कुणी बांधलेली वस्तू नव्हती, हे आधी डोक्यात घ्या. आधीची माणसं जिथून गेली तिथून पुढची जायची आणि त्यालाच रस्ता म्हणायची, बस्स. चिखल झाला की बाजूच्या शेतातून जा. पूल वाहून गेला की नदीची समजूत काढत बसा. आणि रस्ता ज्याच्या जमिनीतून जाई, त्याचा कायदा त्यावर चाले. सासूच्या घरात सासूचा चालतो ना, तसा. कुणी पुलाचा कर घेई, कुणी चक्क धुळीचा. माणसं शिव्या घालत द्यायची आणि सुटायची. एका धन्याच्या जमिनीत मात्र कसलाच कर नव्हता, आणि नेमकी तीच वाट म्हटली की भलेभले डोंगराला वळसा घालायचे.

तिथला कायदा एवढाच होता, की जे जमिनीला लागलं ते जमिनीच्या धन्याचं. पाय, खूर आणि चाक, ही तीन सोडून. पोतं घसरून पडलं, पोतं गेलं. गाडीची आस मोडली आणि गाडी टेकली, तर गाडी, बैल, माल सगळं गेलं. आणि माणूस? तो पायावर उभा आहे तोवर वाटसरू. पडला, बसला, गुडघा टेकला, की झाला धन्याचा. मग मरेपर्यंत हातात फावडं आणि त्याच रस्त्यावर काम. काम कसलं, तर खड्डे खणायचं. बुजवायचं नाही हो, खणायचं. चांगल्या रस्त्यावर गाड्या मोडत नाहीत, हे काय त्या धन्याला कळत नव्हतं?

अशा त्या वाटेला एका म्हाताऱ्या गाडीवानाच्या सुनेने एके दिवशी उन्हं वर आल्यावर गाडी घातली. हौस नव्हती तिला. गाडीत तिचा नवरा पडला होता. ओंडके उतरवताना एक त्याच्या नडगीवर आला होता, हाड मोडलं होतं, आणि आता पाय सुजून काळा पडायला लागला होता. हाडवैद्य धन्याच्या जमिनीच्या पलीकडे राहायचा. डोंगराला वळसा घालून जायचं तर पाय वाटेतच सडला असता, आणि पायाबरोबर नवराही. वाटेतल्या सराईवाल्या बाईने पायाच्या पट्टीचा वास घेतला आणि मान हलवली. "वळसा घालू नकोस," एवढंच म्हणाली. इकडे आड तिकडे विहीर. सुनेने आड निवडला.

सासरा बरोबर होताच. त्याने सगळा जन्म रस्त्यावर काढलेला. सीमेच्या दगडापाशी त्याने गाडी थांबवली, लोंबणारी दोरी न् दोरी वर बांधली, नवऱ्याच्या अंगावरची घोंगडी सगळीकडून खोचली, आणि स्वतःची काठी दगडाच्या अलीकडेच टाकून दिली. काठी टेकली की तीही धन्याचीच.

"आणि मामंजी, थुंकलं तर?" सुनेने विचारलं. घाबरली की तिला असलं काहीतरी सुचायचं.

"ते खुशाल घेऊ देत," म्हातारा म्हणाला. "हवं तर आणखी देतो."

ती हसली आणि तिने लोंबणारा पदरही खोचून घेतला.

दगड ओलांडला आणि झाडाखालून दोन माणसं उठली. धन्याचे राखणदार. हातात शस्त्र नाही, नुसती एक बारीक वेताची छडी. दरोडेखोर असते तर बरं झालं असतं, असं तिला पुढे कितीतरी वेळा वाटलं. दरोडेखोराला शिव्या देता येतात, हातापाया पडता येतं. हे दोघं नमस्कार करून गाडीबरोबर चालायला लागले. एक बोलायचाच नाही. दुसरा नुसता मध.

"सावकाश हं ताई. पुढे जरा खळगा आहे," तो गोडबोल्या म्हणायचा, आणि खरंच खळगा असायचा. "उन्हाचं निघालात. पाणी देऊ का?"

"नको," ती म्हणाली. पाणी घ्यायला वाकावं लागलं असतं. वाकताना तोल गेला तर? तिला आता आपल्याच पायांची भीती वाटायला लागली होती. एवढी वर्षं चालतोय आपण, पण पाऊल कसं टाकतो ते कधी बघितलं होतं का? बघायला लागलं की चालणंच विसरायला होतं. खड्डे तर असे होते, की काहींवर वरून गवत पसरलेलं. कडेला फावडी घेतलेली माणसं उभी होती. गाडी जवळ आली की ती मान खाली घालायची. त्यांच्यातल्या एकाच्या कमरेला अजून गाडीवानाचा पट्टा होता. सासऱ्याने तिकडे पाहिलं आणि बैलांशी जरा मोठ्याने बोलायला लागला.

नवरा तापात होता. गाडी हिसकली की कण्हायचा, मग पुन्हा गुंगीत जायचा.

अर्धीअधिक वाट सरली. तिला पहिल्यांदा वाटलं, की जमेल. आणि असं वाटायलाच नको होतं बघा, कारण त्याच वेळी डावं चाक गवताखाली गेलं आणि गाडीखालून कडाड् असा आवाज आला. दोन चाकांच्या मधला तो जाड लाकडी दांडा, आस, मधोमध तडकली होती. गाडी हळूहळू खाली बसायला लागली.

खोटं कशाला सांगू, त्या वेळी ती नुसती बघत उभी राहिली. हलला तो म्हातारा. वाकून खाली घुसला आणि तुटक्या जागी त्याने खांदा लावला. गाडी थांबली. खाली जमिनीपर्यंत वीतभर जागा उरली असेल नसेल.

राखणदार घाईने आले नाहीत. गाडीशेजारी उकिडवे बसले, नुसते तळव्यांवर, सवयीने. गोडबोल्याने छडी आसेखाली घातली आणि या टोकापासून त्या टोकापर्यंत सरकवली. छडी कुठे अडली नाही.

"अजून नाही टेकली," तो प्रामाणिकपणे म्हणाला.

"कडेचा दांडा काढ," म्हातारा खालून ओरडला. "आसेला लाव आणि बांध. दोरी भिजव आधी. बघतेस काय?"

मग तिला जाग आली. तिने गाडीच्या एका बाजूचा दांडा उपसला. ती बाजू आता उघडीच पडली, नवरा एका कुशीवर वळला असता तर सरळ खाली गेला असता, पण दुसरं लाकूड आणायचं कुठून? झाडाची फांदी तोडायची तर झाडंही धन्याचीच. प्यायच्या पाण्यात तिने दोरी भिजवली, गुडघा जमिनीला लागू नये म्हणून पाय फाकून अर्धवट वाकली, आणि तडकलेल्या आसेला दांडा लावून वेढे घ्यायला लागली. दोरी बोटांत थांबेना. बैल चुळबुळायला लागले की म्हातारा खालून त्यांच्याशी बोलायचा, "हां राजा, हां, उभा राहा, झालंच हं." त्याचे पाय थरथरताना तिला दिसत होते. त्या पायांकडे बघू की दोरीकडे? तिने दोरीकडे पाहिलं.

थोडेच वेढे राहिले होते. तेवढ्यात खालचा श्वास बदलला. तिने नाइलाजाने नजर वळवली. म्हाताऱ्याचा एक गुडघा मातीत होता. मग दुसराही गेला. मग त्याने हातही टेकले आणि आसेला पाठ लावून तो ओणवा राहिला. गाडी एवढीशीही खाली आली नाही.

राखणदार उठून उभे राहिले.

"आजोबा, टेकलात," गोडबोल्या म्हणाला. त्याच्या आवाजात वाईट वाटल्यासारखं काहीतरी होतं, आणि तेच जास्त भयंकर होतं.

"ठाऊक आहे मला," म्हातारा म्हणाला. "बांध गं तू. गाठ घट्ट मार."

तिने गाठ मारली. बैलांनी ओढलं, म्हाताऱ्याने खालून पाठीने रेटलं, आणि चाक खड्ड्यातून वर आलं. आस कुरकुरली, पण धरून राहिली. गाडी चार पावलं पुढे गेली आणि म्हातारा रस्त्याच्या मधोमध, हातापायांवर, तसाच उघडा पडला. आता त्याच्या पाठीवर काही नव्हतं, तरी त्याला उठता येईना.

"बसा निवांत," गोडबोल्या त्याला म्हणाला. "आता कसली घाई?" मग तिच्याकडे वळला. "तुमची गाडी मोकळी आहे ताई. कुठेच लागली नाही. जा तुम्ही."

"एक बैल घ्या," ती म्हणाली. "दोन्ही घ्या. त्यांना सोडा."

"बैल उभे आहेत. उभ्याला आम्ही हात लावत नाही."

"मग मला घ्या. मी टेकते गुडघा, हा बघा, मी टेकते."

"टेका की," तो म्हणाला. "मग दोघं याल. पण गाडी कोण हाकणार? ती थांबली की आतले दादा उतरणार, आणि उतरले की पडणार."

तो चेष्टा करत नव्हता. तिला समजावून सांगत होता.

म्हाताऱ्याने मान वर केली. चेहरा मातीने भरला होता आणि ओठ पांढरे पडले होते. जन्मभर ज्याने नद्यांना आणि चोरांना भीक घातली नाही, तो माणूस घाबरला होता, साफ घाबरला होता, आणि ते लपवायचं त्राणही त्याच्यात नव्हतं.

"पोरी, कासरा धर," तो म्हणाला. "मला फार भीती वाटतेय. तू इथे उभी राहिलीस तर मी रडायला लागेन, आणि मग तू जाणार नाहीस. निघ. आणि हे बघ, मी हाक मारली तरी वळू नकोस. मी मारीन हाक, मला माहीत आहे. वळायचं नाही."

तिने कासरा धरला. गाडीच्या उघड्या बाजूने, नवऱ्याच्या उशाशी चालायला लागली. मागे फावड्याचा आवाज झाला, कुणाच्या तरी हातात ते दिल्याचा. ती चालत राहिली. बैलांना काय म्हणायचं तेही तिला आठवेना, नुसतीच "चला, चला" करत होती.

वळणाच्या आधी हाक आली. तिच्या नावाने नव्हती. मुलाच्या नावाने होती.

नवऱ्याने डोळे उघडले. "बाबा बोलावतायत."

तिने बैलांना पुढे दामटलं.

"अगं, बाबा हाक मारतायत. थांबव ना गाडी."

"टेकले ते," ती म्हणाली.

गाडीवानाच्या मुलाला याच्यापुढे काही सांगावं लागत नाही. मग त्याच्या तोंडून जो आवाज निघाला तो माणसाचा वाटेना, आणि तो उघड्या बाजूकडे वळला. मोडक्या पायासकट, तापासकट, त्याला खाली उतरायचं होतं. त्याचा खांदा गाडीबाहेर आला.

तिने कासरा एका हातात घेतला आणि दुसऱ्या हाताने त्याची मान फळ्यांवर दाबली. सगळं वजन घालून दाबली.

"खाली पडलात तर ते फुकट गेले," ती म्हणाली. "ऐकताय का? फुकट जातील ते."

तो ऐकत नव्हता. त्याने तिचे केस ओढले, तिला शिव्या घातल्या, आणि शेवटी तिच्या मनगटात दात रुतवले. मागे अजून एकदा हाक आली. तिने ना बैल थांबवले, ना हात काढला. पलीकडचा दगड येईपर्यंत ती तशीच चालत राहिली, एकेक पाऊल बघून टाकत, आणि तिच्या मनगटाचं रक्त फळ्यांवरून वाहत होतं, तेही खाली सांडू नये म्हणून तिने हात आतल्या बाजूला वळवून धरला होता.